सुपात टाकलेलं पोर

पिनांग
३ जून १९७०

चि. रामला हिस थोरल्या बहिणीचे अनेक आशीर्वाद आणि सलाम. वि. वि.

इकडे सर्व खुशाल आहे. पत्राला उशीर झाला म्हणून तोंड फुगवू नकोस. घरात पाहुण्यांचा राबता होता, आणि तुझे भावोजी चहाची कपबशीसुद्धा जागची हलवत नाहीत हे तुला ठाऊकच आहे. आईचे गुडघे कसे आहेत? मी पाठवलेलं तेल ती लावते की कपाटात जपून ठेवते?

आता मुख्य गोष्ट. तू म्हणालीस म्हणून मी अवांगसाठी मुलगी बघते आहे. तो लाँचच्या नाकाशी काळी टोपी घालून उभा आहे ना, तो फोटो मी पर्समध्येच ठेवते. सत्तावीस वर्षांचा घोडा झाला, आता नाही तर कधी? परवा शेजारी कंदुरी होती, तिथे जेवताना मी तो बायकांत फिरवला. कुणी म्हणालं नाक छान आहे, कुणी विचारलं लाँच स्वतःची की मालकाची. फिरत फिरत तो तंकू नाझलांच्या हाती गेला. आपल्या सेराईच्या सुलतानांची ही धाकटी बहीण. लग्न होऊन इकडे आली होती म्हणून राजवाडे जाळले त्या क्रांतीच्या वर्षी वाचली. आता भाड्याच्या दोन खोल्यांत राहते, पण पंख्याने वारा घेते तोही असा की बायका आपोआप सरकून जागा देतात.

तिने फोटो पाहिला आणि हातातला घास ताटात ठेवला. म्हणाली, हा माझ्या भावाचा मुलगा आहे. सगळ्यांची तोंडं थांबली. मी हसून म्हटलं, तंकू, हा माझा भाऊ आहे, माझ्याच आईच्या पोटचा, आणि याला धड भांगही पाडता येत नाही. तर ती शांतपणे म्हणाली की माझ्या भाच्याला सुपात टाकलं होतं आणि ज्या बाईने उचललं ती तुझीच आई.

हे मला ऐकून ठाऊक होतं, पण मी पडले जपानी यायच्या आधीच लग्न होऊन समुद्रापार आलेली. अवांग माझ्यामागे जन्मला. मी पहिल्यांदा माहेरी आले तेव्हा तो सहा वर्षांचा होता आणि सुलतानांचा मुलगा आपल्याकडे तापाने वारला, चाफ्याखाली पुरला, एवढंच मला सांगितलं गेलं. तरी तू एकदा आईला सरळ विचारून घे, म्हणजे त्या बाईची समजूत घालता येईल. आणि अवांगला सांग, राजा झालास तर बहिणीला विसरू नकोस, मला मोठा आरसा हवा आहे.

सर्वांना सलाम. माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
हालिजा


कुआला निपाह
१९ जून १९७०

ति. थोरल्या बहिणीस, काक लोंग हिस धाकट्या रामलाचा सलाम. वि. वि.

तुझं पत्र आलं आणि आमच्या घराची झोप उडाली. तुझी पत्रं मी नेहमी आईला मोठ्याने वाचून दाखवते, पुढे काय लिहिलं आहे ते आधी बघत नाही. आई मासे साफ करत बसली होती. तंकू नाझलांचं नाव तोंडातून गेल्यावर माझ्या लक्षात आलं, पण तोवर उशीर झाला होता. आईची सुरी थांबली. मग ती म्हणाली, सुलतानांचं पोर वारलं, गावाला माहीत आहे, जा, मीठ आण. दुसऱ्या दिवशी मी पुन्हा विषय काढला तर पुन्हा मीठ आण. लोंग, आमच्या घरात इतकं मीठ कधी नव्हतं.

तू इथे नव्हतीस, म्हणून मला जेवढं ठाऊक आहे तेवढं सांगते. छोटा तंकू फख्री सारखा आजारी असायचा. वैद्याने सांगितलं, या पोराला आपल्या आईबापांचा योग सोसत नाही, त्याला सुपात टाका. आपले बाबा सुलतानांची नाव वल्हवायचे, आणि आईच्या अंगावर तेव्हा अवांग पीत होता, म्हणून आपली पायरी ठरली. राणीसाहेबांनी स्वतः मुलाला सुपात घालून आपल्या पायरीवर ठेवलं आणि मागे न बघता निघून गेल्या. आईने बाहेर येऊन, अगं बाई, हे कुणाचं टाकलेलं पोर, असं म्हणून उचललं आणि त्याचं नाव बुरुक ठेवलं, कुरूप. दृष्टच लागायला नको. दुरियनची फळं पिकली की पिवळा भात आणि पिवळं वस्त्र घेऊन यायचं आणि पोर सोडवून न्यायचं, असं ठरलं होतं. ती पिकायच्या आधीच राजवाडा पेटला. सुलतान आणि राणीसाहेब ट्रकमध्ये बसवून नेले गेले ते परत आले नाहीत.

मग बांबूचे भाले घेतलेली माणसं आपल्या दारात आली. राजाचं पोर कुठे, म्हणून विचारलं. आईने त्यांना चाफ्याखालची ओली माती दाखवली आणि म्हणाली, तापाने गेलं. हा कोण, असं त्यांनी कडेवरच्या मुलाकडे बोट करून विचारलं. आई म्हणाली, हा माझा अवांग. ती माणसं गेली. आता सांग लोंग, अवांग खरा असता तरी आई हेच बोलली असती, आणि खरा नसता तरी हेच. माझ्या डोक्याचा भुगा झाला आहे.

मी तेव्हा पाचेक वर्षांची. मला दोन मुलगे एका ताटात जेवताना आठवतात. त्यांतला एक चावायचा, ते चांगलं आठवतं, कारण तो मला चावायचा. पण चावणारा कोणता, गेलेला की राहिलेला, ते काही केल्या आठवत नाही.

अवांगने सारं हसण्यावारी नेलं आहे. काल लाँचमधलं पाणी उपसायला सांगितलं तर म्हणाला, राजघराण्यातली माणसं पाणी उपसत नाहीत, प्रजेला सांगा. त्याने मला प्रजा म्हटलं. तू ही काडी पेटवलीस, आता तूच विझव.

आईचा आशीर्वाद. आठवण ठेवतेसच, तशीच ठेव.

तुझी,
रामला


पिनांग
८ जुलै १९७०

चि. रामला हिस अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र वाचून मी सरळ तंकू नाझलांकडे गेले. ठरवलं होतं की नम्रपणे पण स्पष्ट सांगायचं, मूल गेलं, विषय संपला. गेले एक ठरवून आणि आले भलतंच डोक्यात घेऊन.

ती म्हणाली, फख्री डावा हात कानावर ठेवून झोपायचा. मी म्हटलं, अवांगही तसाच झोपतो. मग माझ्याच लक्षात आलं की तुझे भावोजीही तसेच झोपतात, आणि त्यांना राजपुत्र म्हणायची कुणाची छाती नाही. ती म्हणाली, फख्रीला दुरियनचा वास सहन व्हायचा नाही. अवांगलाही होत नाही. पण बाबांना तरी कुठे व्हायचा? ती म्हणाली, कपाळ माझ्या भावाचं आहे. मी फोटो खिडकीशी नेऊन पाहिला. सकाळी मला ते कपाळ बाबांचं वाटलं आणि दुपारी सुलतानांचं, आणि खरं सांगायचं तर सुलतानांना मी लहानपणी एकदाच, तेही छत्रीखाली पाहिलं आहे.

मी सांगून टाकते, आधी मला यात मजा वाटत होती. शेजारणी वेगळ्या नजरेने बघायला लागल्या होत्या, आणि मीही थोडी ताठ चालत होते. पण त्या दिवशी तिने पेटी उघडली आणि एक पिवळं रेशमी वस्त्र काढून मांडीवर ठेवलं. म्हणाली, माझ्या वहिनीने हे मुलाला सोडवायला आणलं होतं. पकडायला येत आहेत हे कळल्यावर नोकराबरोबर माझ्याकडे धाडलं. पोराला सोडवायचं राहिलं. जिवंत असो वा नसो, न सोडवलेलं पोर मधल्या मधे राहतं, ना घरचं ना दारचं. मी म्हातारी झाले, मला ते काम करून टाकायचं आहे. ती रडली नाही, रामला. रडली असती तर मला बरं वाटलं असतं.

ऑगस्टमधल्या बोटीने ती निघणार आहे. मी म्हटलं, तंकू, आईची तब्येत बरी नसते. ती म्हणाली, माझीही नसते. आता काय करू ते मला सुचत नाही. तिची कीव केली की आईशी दगा केल्यासारखं वाटतं, आणि आईची बाजू घेतली की ते वस्त्र डोळ्यांसमोर येतं.

जे असेल ते लगेच लिही. माझा जीव तिकडेच आहे.

तुझी,
हालिजा


कुआला निपाह
२४ जुलै १९७०

ति. काक लोंग हिस सलाम. वि. वि.

कसंही करून तिला थांबव. इथलं हसणं संपलं आहे.

अवांग मागच्या शुक्रवारी नमाजानंतर जळक्या राजवाड्याकडे गेला. तिथे आता चार पायऱ्या आणि एक कमान उरली आहे, त्यावर बकऱ्या चढतात. तो तिथे बराच वेळ बसला होता असं कोळणींनी सांगितलं. घरी आल्यावर त्याने आईला विचारलं की दर गुरुवारी तू त्या चाफ्याखाली गुलाबपाणी शिंपडतेस, पंडानची पानं टाकतेस, ते कुणासाठी. आई म्हणाली, मुलासाठी. कोणाच्या मुलासाठी, असं त्याने विचारलं. आईने त्याला भात वाढला. तो न जेवता उठला.

तेव्हापासून तो लाँचवरच झोपतो आणि धक्क्यावरच्या टपरीत जेवतो. मी ओरडले त्याच्यावर. तर तो म्हणाला, रामला, मी अवांग असेन तर ठीक. पण मी तो दुसरा असेन, तर आईने स्वतःच्या पोराला त्या मातीत परक्याच्या नावाने ठेवलं आणि त्याच्या वाटचा भात इतकी वर्षं मला घातला. मग मी तो कसा गिळू? तुला याचं उत्तर येत असेल तर त्याला लिही.

गावात तर जितकी तोंडं तितके राजपुत्र. मशिदीतले म्हातारे म्हणतात हाच तो. चहावाला म्हणतो, राजाचं पोर नोकराने पळवून नेलं, चाफ्याखाली कुणीच नाही. मासळीवाली मक ईटाम शपथेवर सांगते की खरा तंकू मलाक्क्यात न्हावी आहे. आणि आई कुणाशीच बोलत नाही. काल मी तिच्यासमोर बसून म्हटलं, मला एकटीला सांग, मी कुणाला सांगणार नाही. ती म्हणाली, तुम्हाला सगळ्यांना उत्तर हवं आहे, पण उत्तर दिलं की माझा एक मुलगा जातो, ते कुणी बघत नाही. मी काही बोलायच्या आत तिने सुपारी कातरायला घेतली.

लोंग, मला तो कोण आहे हे कळलं नाही तरी चालेल. तो घरी जेवायला आला पाहिजे. ती बाई पिवळा भात घेऊन पायरीवर उभी राहिली तर तो तिच्यामागून निघून जाईल, तिच्यावरच्या प्रेमाने नाही, आमच्यावरच्या रागाने. मग आईचं काय होईल याचा विचार कर.

माझी काळजी समजून घे, एवढंच मागणं.

तुझी,
रामला


पिनांग
७ ऑगस्ट १९७०

चि. रामला,

घाईत लिहिते आहे, आशीर्वाद समजून घे. मी दोनदा जाऊन आले, हातापाया पडले. ती म्हणाली, मी मुलगा हिरावायला जात नाही, सोडवायला जाते. मी म्हटलं, आईच्या दृष्टीने दोन्ही एकच. ती म्हणाली, मग तुझ्या आईनेच मला तोंडावर नाही म्हणावं. काल ती बोटीत बसली. हे पत्र पोचायच्या आत कदाचित ती बेलावानला उतरून तुमच्या दारात असेल. मी फोटो पर्समधून काढला आहे, बघवत नाही.

जे घडेल ते मला कळव, चांगलं असो की वाईट. तुम्हा दोघांवर माझा जितका हक्क आहे तितकाच राहू दे, मग तो कुणीही असो.

हालिजा


कुआला निपाह
२३ ऑगस्ट १९७०

ति. काक लोंग हिस धाकट्या भावाचा सलाम. वि. वि.

मला पत्र लिहायची सवय नाही. रामला म्हणाली, हे तूच लिहायला हवंस, म्हणून बसलो आहे. चुका काढू नकोस.

तंकू नाझला मंगळवारी आल्या. मीच त्यांना माझ्या लाँचमधून आणलं, कारण दुसरी लाँच बिघडली होती. सबंध वाटेत त्या माझ्याकडे बघत होत्या आणि मी इंजिनाकडे. त्यांच्याबरोबर पिवळ्या भाताचं झाकलेलं ताट होतं, भात बेलावानच्या एका नातेवाइकाकडे शिजवून आणलेला. आई पायरीवरच उभी होती. दोघींनी एकमेकींचे हात हातात घेऊन छातीला लावले. तंकू म्हणाल्या, आमचं पोर तुझ्याकडे ठेवलं होतं, सोडवायला उशीर झाला, माफ कर. त्याला बाहेर आण. आई माझ्याकडे न बघता त्यांना चाफ्याकडे घेऊन गेली आणि म्हणाली, इथे आहे.

मला वाटलं होतं त्या वाद घालतील. त्यांनी वाद घातला नाही. खाली बसल्या, ते वस्त्र घडी मोडून त्या छोट्या मातीवर पसरलं, चारी कोपरे हाताने सारखे केले, आणि मग रडल्या. त्याला तंकू फख्री म्हणून हाका मारल्या, तुझी आई येणार होती रे, असं सांगत राहिल्या. रामला माझ्या दंडाला धरून उभी होती. खरं सांगतो, मला हायसं वाटलं. म्हटलं, मी अवांग आहे, झालं. मग भाताचं ताट आईच्या हाती देऊन त्या धक्क्यावर गेल्या. भरती यायची होती म्हणून लाँच अजून सुटणार नव्हती.

आई पायरीवर बसली. मी जवळ गेलो. ती म्हणाली, चाफ्याखाली आहे तो अवांग आहे.

ती म्हणाली, ताप तुम्हा दोघांना आला होता. अवांग गेला. बाबांनी त्याला पुरलं, आणि ती माणसं आली. त्यांना तू हवा होतास. त्याच्या नावाचा त्याला आता उपयोग नव्हता, तुला होता, म्हणून मी ते तुला घातलं. बाबांनी सांगितलं, हे कुणाजवळ बोलायचं नाही, एक नाव दोन ठिकाणी ठेवता येत नाही. म्हणून मी त्याला इतक्या वर्षांत एकदाही नावाने हाक मारलेली नाही. गुलाबपाणी शिंपडते आणि परत येते. मी विचारलं, मग आज का सांगतेस, त्या तर निघाल्या. ती म्हणाली, ती बाई माझ्या पोरासाठी मनापासून रडली, पण भलत्याच नावाने. मला ते सोसवलं नाही. जा, तिला सांग. तिने तुला न्यायचं म्हटलं तर जा.

लोंग, मी धक्क्यापर्यंत गेलो. आईवर राग होता तो कुठे गेला ते कळलं नाही. ती परक्याच्या नावाखाली आपलं पोर ठेवून बसली होती, आणि मी तिच्यावर जेवणाचा राग काढत होतो. तंकू बाकावर बसल्या होत्या. मी सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, मला उठव, फळी निसरडी आहे. माझा दंड धरून त्या परत आल्या.

त्या घरात न जाता चाफ्यापाशी गेल्या. आईला बोलावलं आणि विचारलं, याचं नाव काय, याच्या बापाचं नाव काय. आईने सांगितलं. तंकूंनी हात उचलून अवांग बिन लेमन असं नाव घेऊन त्याच्यासाठी फातिहा म्हटला. आई तेव्हा रडली. मी तिला रडताना प्रथमच पाहिलं.

मग आई घरात गेली, सूप घेऊन आली, ते पायरीवर रिकामं ठेवलं आणि आत तोंड करून बसली. मागे बघायचं नसतं ना, तशी. मी मध्ये उभा. माझ्या वजनाला ते सूप कुठलं टिकतंय, पण मला हसू आलं नाही. मला वाटलं, आता जावं लागणार, आणि मी तेव्हा जायला तयार होतो, कारण आईने सांगितलं होतं. तंकूंनी सुपाकडे पाहिलं, मातीवरच्या वस्त्राकडे पाहिलं. म्हणाल्या, सोडवायला वस्त्र लागतं. माझ्याकडे एकच होतं, ते मी त्या मुलाच्या अंगावर घातलं. एकदा घातलेलं काढून घ्यायचं नसतं. आता याला सोडवायला माझ्याकडे काही नाही. मग आईच्या शेजारी पायरीवर बसल्या आणि म्हणाल्या, भात शिजला आहे, वाया कशाला घालवायचा.

तो आम्ही चौघांनी खाल्ला. मी ईदेला पिनांगला येईन असं त्यांना कबूल केलं आहे, तुझ्याकडेही येईन. मुली दाखवू नकोस.

त्यांना पोचवून आल्यावर संध्याकाळी मी लाँच धूत होतो. आई दारात आली, जेवायला हाक मारायला तोंड उघडलं आणि तशीच उभी राहिली. कोणत्या नावाने मारायची ते तिला कळेना. मलाही कळेना. मी पाण्यातूनच म्हटलं, तेच म्हण आई, चाफ्याखालचा तो धाकट्या भावाला नाही म्हणायचा नाही. थोड्या वेळाने तिने मला अवांग म्हणून हाक मारली, आणि मी जेवायला गेलो.

भावोजींना सलाम. आम्हाला तुझी माया हवी आहे, ती पाठवत राहा.

तुझा भाऊ,
अवांग